लेकासाठी घुसळलेले पाणी

मोठ्या हॉटेलांच्या माहितीपत्रकांत, लोणावळा-महाबळेश्वरच्या रिसॉर्टच्या जाहिरातींत आणि आता गृहसंकुलांच्या सुखसोयींच्या यादीतही ‘जकुझी’ हा शब्द हमखास आढळतो. ऊन पाण्याने भरलेला, बुडबुड्यांनी फसफसणारा हौद, असा त्याचा अर्थ आपण गृहीत धरतो आणि त्यासोबत ऐषारामाचे एक चित्र डोळ्यांपुढे उभे राहते. परंतु हा शब्द मुळात एका स्थलांतरित इटालियन कुटुंबाचे आडनाव आहे, हे फार थोड्यांना ठाऊक असते. त्या हौदाचा जन्म विलासी वृत्तीतून झाला नाही. तो झाला एका चिमुरड्या मुलाच्या सुजलेल्या सांध्यांपायी आणि त्याचे कण्हणे ऐकून अस्वस्थ झालेल्या बापाच्या धडपडीतून. त्या बापाचे नाव कान्दिदो जकुझी.

कान्दिदो यांचा जन्म 1903 चा. ईशान्य इटलीतील फ्रिउली प्रांतात, कासार्सा या गावाच्या परिसरात जकुझी कुटुंब राहत असे. मूळ आडनावाचा उच्चार ‘याकुत्सी’. अमेरिकेच्या किनाऱ्यावर उतरल्यानंतर त्याचे ‘जकुझी’ झाले आणि तेच पुढे जगाच्या तोंडी बसले. जोव्हान्नी आणि तेरेसा या दाम्पत्याला तेरा अपत्ये होती. सात मुलगे, सहा मुली. मुलग्यांत कान्दिदो सर्वांत धाकटे. शेतीवर एवढा मोठा संसार चालणे अवघड होते. त्यामुळे थोरले भाऊ विसाव्या शतकाच्या पहिल्याच दशकात अमेरिकेच्या वाटेला लागले आणि मिळेल ती मजुरी करीत कॅलिफोर्नियात स्थिरावले. एकामागून एक भावंडे त्यांच्या मागोमाग गेली. पहिल्या महायुद्धानंतर उरलेले कुटुंबही तिकडे पोहोचले. कान्दिदो यांच्या वाट्याला शालेय शिक्षण जेमतेमच आले. त्यांचे खरे विद्यापीठ म्हणजे थोरल्या भावांनी बर्कली शहरात उभारलेला कारखाना.

या भावंडांत राकेले हे खरे कल्पक. 1915 मध्ये सॅन फ्रान्सिस्को येथे भरलेल्या जागतिक प्रदर्शनाच्या काळात त्यांना विमानांचे वेड लागले. त्यांनी लाकडाचा, वेगळ्या घडणीचा विमानाचा पंखा तयार केला. दात कोरण्याच्या काडीसारखा दिसतो म्हणून लोक त्याला गमतीने ‘टूथपिक’ म्हणत. महायुद्धाच्या काळात या पंख्याला चांगली मागणी आली. पुढे भावांनी स्वतःचे विमानही बांधले. बंदिस्त केबिन असलेले ते एकपंखी विमान त्या काळी अपूर्वाईचे होते. परंतु जुलै 1921 मध्ये योसेमिटी आणि सॅन फ्रान्सिस्को यांच्या दरम्यान उडणारे हे विमान मोडेस्टोजवळ कोसळले. विमानातील चौघेही मृत्युमुखी पडले. त्यांत जोकोन्दो जकुझी हे भावांपैकी एक होते. घरावर दुःखाचा डोंगर कोसळला. या घरात यापुढे विमाने बनवायची नाहीत, असे ठरले आणि आकाशाकडे लागलेली या कुटुंबाची नजर जमिनीकडे वळली.

जमिनीखाली होते पाणी. कॅलिफोर्नियाच्या फळबागांना ते हवे होते, पण ते खोल होते. 1926 च्या सुमारास राकेले यांनी झोतावर चालणारा पंप सिद्ध केला. त्याचे तत्त्व सोपे आहे. थोडे पाणी अरुंद तोंडातून वेगाने सोडले, की त्याच्या भोवती दाब कमी होतो आणि त्या पोकळीकडे आजूबाजूचे पाणी आपोआप ओढले जाते. या युक्तीने विहिरीच्या तळाचे पाणी वर आणणे सुलभ झाले. जकुझी बंधूंचा व्यवसाय या पंपावर भरभराटीला आला. 1937 मध्ये राकेले यांचे निधन झाले. त्यानंतर कंपनीच्या कारभारात जे पुढे आले, त्यांत विक्रीची उत्तम जाण असलेले कान्दिदो अग्रभागी होते. एव्हाना त्यांचा विवाह झाला होता, घर मुलाबाळांनी भरले होते. कधीकाळच्या मजुराचा तो सुस्थित कारखानदार झाला होता.

याच सुखाच्या काळात घरावर दुसरा आघात झाला. 1941 मध्ये जन्मलेला धाकटा मुलगा केनेथ दोन वर्षांचा असताना घशाच्या जंतुसंसर्गाने आजारी पडला. ताप उतरला, पण त्याच्या मागून सांधे धरले. हा बालवयातला संधिवात होता. आज या विकारावर परिणामकारक औषधे आहेत. त्या वेळी डॉक्टरांच्या हाती फारसे काही नव्हते. मूल जगेल याचीही खात्री देता येत नव्हती. ज्या वयात पोराने अंगणभर धावायचे, त्या वयात केनेथला कुशीवर वळतानाही वेदना होत. पंप विकणाऱ्या बापाच्या पैशाने त्या वेदनेपुढे हात टेकले होते.

आराम मिळे तो फक्त पाण्यात. बर्कलीच्या रुग्णालयात केनेथवर जलोपचार सुरू झाले. मोठ्या टाकीतल्या ऊन, घुसळत्या पाण्यात त्याला ठेवले जाई. मानेपर्यंत पाण्यात असताना शरीराचे बहुतेक वजन पाणीच तोलते, त्यामुळे सांध्यांवरचा भार हलका होतो. उबेने आखडलेले स्नायू सैल होतात आणि पाण्याचा झोत मालिशचे काम करतो. त्या अर्ध्या-पाऊण तासापुरता मुलाचा चेहरा निवळे. परंतु रुग्णालयाच्या फेऱ्या ठरावीकच होत्या आणि दुखणे मात्र चोवीस तासांचे. दोन फेऱ्यांच्या मधल्या दिवसांचे काय, हा प्रश्न आई-वडिलांना छळत राहिला.

येथे कान्दिदो यांच्यातील कारखानदार जागा झाला. रुग्णालयातील ते यंत्र म्हणजे तरी काय? पाणी ओढणारा आणि ते जोराने परत फेकणारा पंपच. पंप तर आपल्या घरचा धंदा. मग तो लहान करून घरच्या न्हाणीघरात का आणू नये? 1940 च्या दशकाच्या अखेरीस कारखान्यातील तंत्रज्ञांच्या साह्याने त्यांनी टबात ठेवता येईल असा सुटा पंप तयार करवून घेतला. तो टबातलेच पाणी शोषून घेई, त्यात हवा मिसळे आणि तो फेसाळ झोत पुन्हा टबात सोडी. विहिरीसाठी राकेले यांनी वापरलेले तत्त्वच येथे पुतण्याच्या सेवेला आले होते. केनेथला आता रोज घरीच आराम मिळू लागला.

एका मुलासाठी केलेल्या या साधनाची वार्ता हळूहळू पसरली. इतर रुग्णांकडून विचारणा होऊ लागली. 1950 च्या दशकाच्या मध्यास कंपनीने हा पंप बाजारात आणला. गृहिणींना भेटवस्तू देणाऱ्या एका लोकप्रिय दूरचित्रवाणी कार्यक्रमातून तो घरोघरी परिचित झाला आणि चित्रपटतारकांच्या जाहिरातींनी त्याला झळाळी आली. औषधोपचाराचे साधन हळूहळू दमल्याभागल्यांच्या विरंगुळ्याचे साधन बनू लागले. 1968 मध्ये याच घराण्याच्या पुढच्या पिढीतील रॉय जकुझी यांनी टबाच्या भिंतीतच झोत बसवले. सुटा पंप मागे पडला आणि टब व पंप एकच झाले. 1970 च्या दशकात हे टब मोठे झाले, त्यांत चार-सहा माणसे मावू लागली. पाणी तापवणारे आणि गाळणारे यंत्रही त्यांना जोडले गेले.

कान्दिदो यांच्या आयुष्याचा उत्तरार्ध मात्र सुखाचा झाला नाही. 1969 मध्ये अमेरिकी सरकारने त्यांच्यावर करचुकवेगिरीचे आरोप ठेवले. त्यांनी देश सोडला आणि पुढची काही वर्षे इटली व मेक्सिको येथे काढली. ज्या देशाने नाव आणि वैभव दिले, त्या देशापासून दूर राहण्याची वेळ त्यांच्यावर आली. घरातही वाटण्यांवरून कुरबुरी वाढल्या होत्या. 1979 मध्ये कंपनी कुटुंबाच्या हातून गेली. 1986 मध्ये ॲरिझोनात कान्दिदो यांचे निधन झाले, तेव्हा त्यांचे आडनाव जगभर एका वस्तूचे सामान्यनाम होऊन बसले होते. या सगळ्या पडझडीत एक गोष्ट मात्र टिकली. ज्या मुलाच्या जगण्याची शाश्वती नव्हती, तो जगला. चाकाच्या खुर्चीत बसून शिकला, इटलीत कुटुंबाच्या उद्योगाची धुरा त्याने वाहिली आणि 2005 मध्ये वडिलांच्या या शोधाची कहाणी सहलेखिकेच्या साह्याने पुस्तकरूपाने मांडली.

या चरित्राचा एक धागा कान्दिदो यांच्या हयातीतच सुटा झाला होता आणि तो आजही आपल्यापर्यंत पोहोचतो. केनेथच्या टबातले पाणी दरवेळी ताजे भरले जाई आणि अंघोळ संपली, की सोडून दिले जाई. पुढच्या मोठ्या हौदांत तसे होत नाही. दीड-दोन हजार लिटर पाणी रोज तापवणे परवडणारे नसते, म्हणून तेच पाणी गाळून, तापवून दिवसचे दिवस, कधी महिनोन् महिने वापरले जाते. वज्रेश्वरी-गणेशपुरीच्या परिसरातील ऊन झऱ्यांचे पाणी भूगर्भातून सतत नवे येत राहते. हौदातले पाणी मात्र फिरून फिरून तेच. ज्या क्षणी पाणी साठवले गेले, त्या क्षणी प्रश्न यंत्राचा न राहता रसायनाचा झाला.

थोडा हिशेब केला तर त्याचे गांभीर्य ध्यानात येते. 1,500 लिटरच्या हौदात चार माणसे उतरली, तर माणशी 375 लिटर पाणी येते. पंचवीस मीटर लांब, साडेबारा मीटर रुंद आणि सरासरी दीड मीटर खोल अशा पोहण्याच्या तलावात सुमारे 4 लाख 70 हजार लिटर पाणी असते. हौदाइतकीच दाटी तेथे व्हायची, तर त्या तलावात एकाच वेळी साडेबाराशे माणसे उतरावी लागतील! प्रत्येकाच्या अंगावरचा घाम, तेल, त्वचेचे कण आणि सौंदर्यप्रसाधने त्या थोड्याशा पाण्यात मिसळतात. पाण्यातील क्लोरीन आधी या मळाशीच झुंजतो आणि त्यातच बराचसा खर्ची पडतो. त्यात पाणी ऊन असल्याने तो अधिक झपाट्याने संपतो. घामातील आणि मूत्रातील नत्रयुक्त द्रव्यांशी त्याचा संयोग होऊन क्लोरामाइन नावाची संयुगे बनतात. नाकात झोंबणारा वास आणि डोळ्यांची लाली ही त्यांची करणी. तो उग्र वास आला, की पाणी स्वच्छ आहे, असा आपला समज असतो. खरे तर पाणी मळले असून जंतुनाशक कमी पडते आहे, याची ती खूण असते.

दुसरा मुद्दा पाण्याच्या सामूचा, म्हणजेच ज्याला आपण पीएच म्हणतो त्याचा. क्लोरीन पाण्यात मिसळला, की त्याची दोन रूपे होतात. त्यांपैकी हायपोक्लोरस आम्ल हे जंतू मारण्यात तरबेज, तर हायपोक्लोराइट हे त्या मानाने मंद. सामू 7.5 च्या आसपास असताना ही दोन्ही रूपे जवळपास निम्मी-निम्मी असतात. सामू 8 वर गेला, की परिणामकारक रूप साधारण चौथ्या हिश्श्यावर येते आणि 8.5 वर ते जेमतेम दहावा हिस्सा उरते. म्हणजे हौदात क्लोरीन पुरेसा टाकूनही तो कामाचा राहत नाही. यातील मौज, किंवा दुर्दैव असे, की जे बुडबुडे या हौदाचे वैभव, तेच पाण्यातील कार्बन डायऑक्साइड उडवून लावतात आणि सामू वर ढकलतात. उलट सामू फार उतरला, तर डोळे चुरचुरतात आणि धातूचे भाग झिजू लागतात. म्हणूनच अमेरिकेच्या रोगनियंत्रण केंद्राने अशा हौदांसाठी सामू 7 ते 7.8 च्या दरम्यान, क्लोरीन लिटरमागे किमान 3 मिलिग्रॅम, ब्रोमीन वापरल्यास 4 ते 8 मिलिग्रॅम आणि तापमान 40 अंश सेल्सियसपेक्षा अधिक नाही, असे दंडक सुचवले आहेत.

हे दंडक पाळले नाहीत तर काय होते, याचे दाखले वैद्यकाच्या इतिहासात आहेत. 1975 मध्ये अमेरिकेतील एका मोटेलच्या अशा हौदात उतरलेल्यांच्या अंगावर लालसर, खाजरे पुरळ उठल्याची नोंद झाली. स्यूडोमोनास हा जंतू केसांच्या मुळांशी शिरून हे पुरळ उठवतो. पोहण्याचा पोशाख जेथे अंगाला चिकटून राहतो, तेथे ते अधिक दिसते. बहुधा ते आपोआप बरेही होते. त्याहून गंभीर आहे लिजनेला. 1976 मध्ये फिलाडेल्फियातील माजी सैनिकांच्या मेळाव्यानंतर न्यूमोनियाची जी साथ उद्भवली, तिच्या शोधातून हा जंतू पुढील वर्षी उजेडात आला. त्याला कोमट-ऊन पाणी मानवते. नळ्यांच्या आतल्या बाजूस जो बुळबुळीत थर जमतो, त्याच्या आडोशाला तो वाढतो. तेथपर्यंत क्लोरीन सहजी पोहोचत नाही. मग झोत सुरू झाले, की पाण्याचे सूक्ष्म तुषार हवेत उडतात आणि श्वासावाटे तो फुप्फुसांत जातो.

त्यासाठी पाण्यात उतरण्याचीही गरज नसते, हे फेब्रुवारी 1999 मध्ये नेदरलँड्समधील बोव्हेनकार्सपेल गावी दिसले. तेथील पुष्पप्रदर्शनाला जोडून भरलेल्या मेळ्यात विक्रीसाठी असे हौद मांडले होते. ते चालू ठेवलेले होते, आणि लोक फुले पाहत जवळून जात होते. त्यांपैकी जवळपास दोनशे जण आजारी पडले आणि तिसाच्या आसपास व्यक्ती दगावल्या. फुले पाहायला गेलेल्या या माणसांचा गुन्हा एवढाच, की त्यांनी तेथील हवेत श्वास घेतला.

ही माणसे कोण असतात? धडधाकट तरुणांना हा जंतू सहसा नमवू शकत नाही. त्याचे भक्ष्य असतात वृद्ध, धूम्रपान करणारे, फुप्फुसाचे रुग्ण आणि प्रतिकारशक्ती दुबळी झालेले लोक. येथे कान्दिदो यांच्या कहाणीचे वर्तुळ अस्वस्थ करणाऱ्या रीतीने पूर्ण होते. संधिवाताच्या रुग्णांना आज जी प्रभावी औषधे दिली जातात, त्यांतील अनेक शरीराची प्रतिकारशक्ती दाबूनच आपले काम करतात. म्हणजे हे ऊन पाणी ज्याच्यासाठी पहिल्यांदा घुसळले गेले, त्या केनेथसारख्यांनाच निष्काळजीपणे राखलेल्या हौदाचा धोका सर्वाधिक आहे. गर्भवती स्त्रिया आणि हृदयविकाराचे रुग्ण यांनीही अति ऊन पाण्यापासून जपावे, असे डॉक्टर सांगतात.

उपाय अवघड नाहीत, पण नेमाचे आहेत. हौदात उतरण्यापूर्वी साबणाने अंघोळ करावी. डोके पाण्याखाली घालू नये, पाणी तोंडात जाऊ देऊ नये. सार्वजनिक ठिकाणी क्लोरीन आणि सामू दिवसातून किमान दोनदा तपासले जातात का आणि त्याची नोंद ठेवली जाते का, हे विचारण्यात संकोच बाळगू नये. स्वस्तातल्या चाचणीपट्टीने कोणालाही ते स्वतः पाहता येते. हाताला बुळबुळीत लागणारी कड, गढूळ पाणी किंवा झोंबणारा वास जाणवला, तर परत फिरावे. घरी असा टब असेल, तर ठरावीक काळाने पाणी पूर्ण बदलून गाळणी आणि नळ्या साफ करवून घ्याव्यात. वापर नाही म्हणून महिनोन् महिने नळ्यांत साचून राहिलेले पाणी हे तर जंतूंना दिलेले आमंत्रणच.

कान्दिदो जकुझी रसायनशास्त्रज्ञ नव्हते, वैद्य तर नव्हतेच. मुलाला वेदना होतात आणि पाण्यात त्या कमी होतात, एवढे त्यांनी पाहिले आणि आपल्या हाती असलेले कसब त्या कामी लावले. त्या पहिल्या टबात उतरणारे मूल कोण, त्याला काय सोसेल, काय बाधेल, याची जाणीव टब भरणाऱ्या हातांना होती. आज झोत अधिक जोरकस आहेत, दिवे रंगीत आहेत, संगीतही आहे. पाणी भरणाऱ्याला मात्र त्यात उतरणारा ठाऊक नसतो. त्या अनोळखी माणसासाठी रोज सकाळी पाण्याचा सामू पाहणारा, चिमूटभर रसायन मोजून टाकणारा आणि वहीत त्याची नोंद करणारा हॉटेलातला एखादा कर्मचारी, नकळत का होईना, त्या बापाचेच काम पुढे नेत असतो.